तीन नंबरचं मशीन

शर्यतीची शेवटची फेरी. मानसिंगची लाल गाडी पूल ओलांडून सुसाट निघालेली, पुढं एकच वळण राहिलेलं, पाठीमागं पोरांचा घोळका श्वास रोखून उभा, आणि पडदा निळाशार झाला. निळ्यावर पांढऱ्या इंग्रजी अक्षरांच्या ओळी उमटल्या. त्या ओळी शेवटपर्यंत वाचणारा माणूस अख्ख्या भोरात नव्हता, आणि वाचून कुणाला काही कळलं असतं अशातलाही भाग नव्हता.

"घ्या! परत गेलं!" मानसिंगनं कीबोर्डवर थाप मारली. "अज्जूभाई, म्या वेल्ह्याकडनं दोन यष्ट्या बदलून येतू. नसरापुरात उनात उभा ऱ्हातू. ते काय ह्यो निळा पडदा बघायला?"

"थांब रं. देतो चालू करून," म्हणत अजहर गल्ल्यावरून उठला. हे वाक्य त्याच्या तोंडात इतकं बसलं होतं की परवा घरी अम्मीनं गॅस संपल्याचं सांगितलं, तेव्हाही तो हेच बोलून गेला होता. त्यानं बटण दाबलं. मशीन गुरगुरलं, पडदा उजळला, चित्रं आली. शर्यत मात्र पहिल्यापासून. मागून कुणीतरी शिट्टी घातली. दोघं-तिघं बाहेर पडले, आणि अजहर त्यांच्या पाठीकडं बघत राहिला. हल्ली त्याला पोरांची तोंडं कमी आणि पाठी जास्त दिसत होत्या.

दोन हजार चारचा मे महिना. एस.टी. स्टँडपासून हाकेच्या अंतरावर, धनाजीच्या मोटार रिवाइंडिंगच्या दुकानाला लागून एक खोली, त्यात चार कॉम्प्युटर, आणि दारावर पेंटरनं हौसेनं काढलेली ज्वाळा ओकणारी गाडी. पुण्यातलं एक ऑफिस बंद पडलं, तिथले हे जुने कॉम्प्युटर. अजहरनं ते आणले, वर गेमसाठी कार्डं बसवली आणि दुकान थाटलं. पावसाळ्यात उघडलेलं दुकान दिवाळीला तुडुंब चाललं. आणि थंडी सरता सरता मशीनना हे भूत लागलं. टायपिंग करा, पत्ते खेळा, दिवसभर चालतील. गाड्यांचा किंवा बंदुकीचा गेम लावला, की थोड्या वेळात निळा पडदा. त्यातही तीन नंबरचं मशीन म्हणजे कहर. ते तर शर्यत रंगात आली की हटकून मान टाकायचं.

उपाय काही कमी झाले नाहीत. विंडोज पुसून पुन्हा टाकली. गेमच्या सीड्या बदलल्या. मेमरीच्या पट्ट्या काढून शाळेच्या खोडरबरानं घासल्या. हा उपाय पुण्याच्या तापकीर गल्लीतला कॉम्प्युटरचा दुकानदार सांगतो, आणि तो बहुधा कशावरही हाच सांगतो. व्हायरस शोधला, सापडला, मारला. निळा पडदा जिवंतच. धनाजी शेजारधर्माला जागून म्हणाला, "आर्थिंगचा घोळ हाय ह्यो." त्यानं मागच्या बाजूला खड्डा घेतला, कोळसा-मीठ भरलं, आणि रोज सकाळी दोघं त्या खड्ड्याला झाडासारखं पाणी घालू लागले. आजार म्हशीला अन् औषध पखालीला, दुसरं काय! उन्हाळा चढला तशी अजहरनं डब्यांची बाजूची झाकणंच काढून टाकली आणि समोर टेबलफॅन लावला. चार दिवस बरे गेले, पाचव्या दिवशी पुन्हा तेच.

आता त्याला बसवत नव्हतं. एका मशीनपाशी उभा राहिला तर कान दुसऱ्याकडं. पोरं हसली तरी दचकायचा, गप्प झाली तरी दचकायचा. जेवताना ताटातलं काय खाल्लं ते सांगता यायचं नाही. दुकान बुडेल ही भीती होतीच, पण खरी भीती वेगळी होती. दुकान बुडालं तर अब्बांचं म्हणणं खरं ठरणार होतं.

अब्बा म्हणजे एहसानभाई. भोर डेपोत उभी हयात एस.टी. चालवून निवृत्त झालेले. वरंध घाटातून महाडची गाडी नेणारा, आणि कधी कुणाला ओरखडा न येऊ देणारा माणूस. मुलगा डेपोच्या वर्कशॉपात चिकटावा म्हणून त्यांनी जन्मात पहिल्यांदा साहेबांपुढं शब्द टाकला. मुलाखतीच्या दिवशी अजहर गेला पुण्याला, कॉम्प्युटर आणायला. संध्याकाळी टेम्पो दाराशी लागला तेव्हा अब्बांनी खोक्यांकडं एकदा पाहिलं, म्हणाले, "ह्ये काय टिकायचं न्हाई," आणि त्या दिवसापासून मुलाशी बोलणं बंद. एकाच ताटलीतली भाकरी दोघं मोडायचे, पण मीठ हवं असलं तरी अब्बा अम्मीला म्हणायचे, "साबिरा, त्याला म्हनावं मीठ सरकव हिकडं." मीठ अजहरच्या कोपराशी असायचं. तो सरकवायचा. तेवढाच संबंध.

आणि मग थंडीतल्या एका गुरुवारी, दिवेलागणीला, अब्बा दुकानात आले. हातात लोबानदान.

याची एक गोष्ट आहे. नोकरीत असताना दर जुम्मेरातीला, म्हणजे गुरुवारी, महाडची गाडी स्टँडवरून हलवायच्या आधी एहसानभाई निखाऱ्यांवर लोबान टाकून गाडीत धूर फिरवायचे. आधी स्टिअरिंग, मग इंजिन, मग दोन्ही बाजूंची बाकडी. बाया तो धूर ओंजळीत घेऊन लेकरांच्या डोक्यावरून फिरवायच्या. माळकरी म्हातारे टोपी सारखी करून हात जोडायचे. 'एहसानभाईची गाडी' म्हणजे नजर उतरलेली गाडी, असं घाटाखालच्या लोकांनाही ठाऊक होतं. ज्या यंत्रावर माणसाचं पोट आहे त्याला जपायचं ते असं, हा अब्बांचा धर्म म्हणा, कायदा म्हणा. तो धूर त्यांनी मुलाच्या दुकानात आणला होता.

पोरं आपोआप उठून उभी राहिली. अब्बांनी एक नंबरपासून सुरुवात केली, पुठ्ठ्याच्या तुकड्यानं वारा घालत चारी मशीनना धूर दिला आणि आले तसे गेले. अजहर डोक्याला रुमाल बांधून, हात पुढं धरून कोपऱ्यात उभा होता. अब्बा वळणावर दिसेनासे झाले तेव्हा तो उगाच पोरांवर खेकसला.

तेव्हापासून एक गुरुवार चुकला नाही. मशीनं रुसतात हे अम्मीकडून अब्बांच्या कानावर गेलं, तसा धूर वाढला. तीन नंबर जास्त आजारी, म्हणून तिथं ते जास्त वेळ थांबायचे. लोबानदान उघड्या डब्याशी धरायचे. आतला छोटा पंखा धूर भराभरा ओढून घ्यायचा. ते बघून अब्बांच्या चेहऱ्यावर समाधान पसरायचं; इंजिननं डिझेल ओढावं तसं मशीननं दुवा ओढून घेतलेली. अजहर दर वेळी तसाच रुमाल बांधून उभा. आठवडाभर तो त्या अर्ध्या तासाची वाट बघायचा. त्याला एवढंच हवं होतं, की एका गुरुवारी सगळी मशीनं धडधडीत चालू असावीत आणि अब्बांनी म्हणावं, बरं चाललंय रं तुझं.

मानसिंगची शर्यत बुडाली त्याच्या दुसऱ्या दिवशी, बुधवारी सकाळी मात्र अजहरचं डोकं फिरलं. दार लोटून घेतलं, तीन नंबर आडवं पाडलं आणि स्क्रू सैल करून सगळं सुटं केलं. मुख्य चिपवर एक छोटा पंखा असतो आणि त्याखाली चिपची उष्णता बाहेर टाकणारा पातळ पत्र्यांचा ठोकळा. सायकलच्या पंपानं हवा मारली की पत्र्यांतली धूळ उडते, हे अजहर नेहमी करायचा. आज पंखाच उचकटून काढला. आत पत्र्यांच्या फटी पार बुजलेल्या. धूळ होती, पण साधी नव्हे. तपकिरी, चिकट, गुळाच्या काकवीत कालवल्यासारखी. पंपाला ती काय दाद देणार! फटी बुजल्या म्हणजे चिपला हवा नाही; टायपिंगला निभतं, पण शर्यत लागली की चिप तापते, आणि तापली की सगळंच मान टाकतं.

"मोटारीच्या तारंला लावायचं वार्निश उडालं आसंल माझ्याकडचं," दारातून डोकावत धनाजी ओशाळून म्हणाला.

अजहरनं नखानं थोडं खरवडलं आणि नाकाशी नेलं. वार्निश नव्हतं. तो वास त्याला लहानपणापासून ओळखीचा होता. गुरुवारचा वास. अब्बांच्या खाकी शर्टाचा वास.

खरं सांगायचं तर त्याला आधी आनंद झाला. महिनोन् महिने ज्यानं छळलं तो चोर सापडला होता! तो उडी मारून उठला. "धना, लोबान हाय ह्यो! अब्बांनी मशीनला धूर पाजून पाजून पार तर्र केलंय!" धनाजी हसला, अजहर हसला, दुपारी मानसिंग आला त्यालाही त्यानं चवीनं सांगितलं, आणि पोरंही पोट धरून हसली. मग पेट्रोल आणि ब्रश घेऊन त्यानं एकेक मशीन धुऊन काढलं. तीन नंबरवर मानसिंगनं शर्यत लावली. पूल गेला, वळण गेलं, गाडी रेघेपार गेली, पडद्यावर फटाके उडाले. पोरांनी दुकान डोक्यावर घेतलं.

चार नंबरचा पंखा पुसता पुसता अजहरचा हात थांबला. उद्या गुरुवार.

"सांगून टाक सरळ," धनाजी म्हणाला.

"काय सांगू? येऊ नका म्हनून?"

"येऊ नका न्हवं. धूर आनू नका म्हन."

"आन् धुराबिगर ते येनार कशाला?"

रात्री अजहरनं अम्मीला गळ घातली. साबिरानं भाकरी थापता थापता मान हलवली. "मीठ मागायचं आसंल तर मागीन. ह्ये तुजं तू बोल. म्या काय तुमचं टपाल न्हवं." अब्बा पडवीत रेडिओ ऐकत बसले होते, पाच-सहा पावलांवर. अजहर दोनदा उठला, दोनदा दारापर्यंत गेला, आणि पाणी पिऊन परत आला. झोप कसली ती लागली नाही.

गुरुवारी दुपारपासून तो दुकानात येरझारा घालत होता. दिवेलागण झाली तशी त्यानं पोरांना शर्यत अर्धी सोडायला लावली, चारी मशीनं बंद केली, झाकणं घट्ट लावली, आणि घरून आणलेल्या फुलाफुलांच्या चादरी वरून पसरल्या. ताकाला जाऊन भांडं लपवायचा हा प्रकार. पण त्या घटकेला त्याला दुसरं सुचलं नाही.

अब्बा आले. उंबऱ्याशी थांबले. चादरींकडं पाहिलं, मग पोरांकडं, मग सरळ अजहरकडं.

"बंद का ठेवलंय?"

इतक्या महिन्यांनी अब्बा त्याच्याशी बोलले होते! अम्मी मध्ये नव्हती, थेट त्याच्याशी. अजहरच्या जिभेवरून भलतंच घसरलं.

"लाईट न्हाई, अब्बा."

वर छताचा पंखा गरगरत होता. ट्यूब जळत होती. पोरांनी एकमेकांकडं पाहिलं. मानसिंग पोरगा मनानं चांगला. त्याला वाटलं, आपण गाडी रुळावर आणावी. तो आदबीनं पुढं झाला. "तसं न्हाई, चाचा. धुरानं मशीन खराब हुत्यात न्हवं, म्हनून झाकल्यात. अज्जूभाईनं कालच शोधून काडलंय. समद्यास्नी दावलं बी."

मागं कुणीतरी फिस्सकन हसलं. कालचंच हसू होतं ते, अजून पोरांच्या पोटात शिल्लक राहिलेलं.

अब्बांनी लोबानदानावर दुसरा हात ठेवला, एखाद्या लेकराला झाकून न्यावं तसा, आणि बाहेर पडले. रस्त्याकडेच्या गटारापाशी वाकून निखारे ओतले. चर्र आवाज झाला, पांढरी वाफ वर आली. मग मागं न बघता चालू लागले. अजहर दारात उभा होता.

त्यानंतर मशीनं अशी चालली की विचारू नका. निळा पडदा पोरं विसरूनही गेली. पार कामथडी गावापासून गिऱ्हाईक येऊ लागलं. धनाजी म्हणाला, "नशीब काडलंस, अज्या." आणि अजहर मात्र चुलीवरच्या दाण्यासारखा तडतडत होता. शर्यत जिंकून कुणी ओरडलं तर "हळू! बाजार हाय का ह्यो?" म्हणून त्याच्या अंगावर जायचा. गुरुवार आला. दिवेलागण झाली. तो दहा वेळा दारात जाऊन वळणाकडं बघून आला. कुणी आलं नाही. घरी विचारलं तर अम्मी म्हणाली, "घरातबी लावत न्हाईत आता. लोबानदान माळ्यावर टाकलंय."

दुसरा गुरुवार आला. चारी मशीनं धडधडीत चालू, दुकानात पाय ठेवायला जागा नाही; महिनोन् महिने त्याला जे हवं होतं ते सगळं समोर होतं, फक्त बघायला माणूस नव्हतं. अजहरला ते सहन होईना. त्यानं गल्ला उघडा टाकला, धनाजीला "बघ जरा" म्हणून ओरडून सांगितलं, आणि पायांत चपला न घालता स्टँडकडं निघाला.

अब्बा फलाटाच्या टोकाच्या बाकड्यावर होते. निवृत्त झाल्यापासून त्यांची संध्याकाळ तिथंच जायची. समोर स्वारगेटची गाडी लागत होती, आणि नवा ड्रायव्हर ती मागं घेताना चाक कसं वळवतो हे अब्बा बारकाईनं बघत होते. अजहर शेजारी बसला. त्यांनी मान वळवली नाही.

"अब्बा, म्या खोटं बोललो. लाईट व्हती."

"पंखा दिसत व्हता मला."

"धुरानंच बंद पडत व्हती मशीन. लोबानाचा थर बसतू आत, त्यावर धूळ चिकटती."

"बसतूच की." अब्बा गाडीकडं बघतच म्हणाले. "यष्टीच्या काचंवर न्हाई का बसायचा? जुम्मेरातीला धूर द्यायचा, आन् दुसऱ्या दिशी पयल्या फेरीआदी रद्दी वली करून काच पुसायची. न्हाईतर घाटात म्होरचं दिसंल का? क्लीनरला कदी हात लावू दिला न्हाई. ज्यानं धूर दिला त्यानंच पुसायचं. तुजी मशीनं बी पुसली आसती म्या."

अजहर त्यांच्याकडं वळला. "मंग... मंग त्या दिशी तसं का गेलात?"

आता अब्बांनी तोंड वळवलं. "धनाजीला सांगितलंस. त्या वेल्ह्याच्या पोराला सांगितलंस. बारकी बारकी पोरं हसली, म्हंजी त्यास्नीबी सांगितलंस. बापापुडं चादर टाकलीस."

"तुमी बोलत नव्हता न्हवं माज्याशी!" अजहरचा आवाज चढला आणि चिरकलाही. आसपासचे दोघं-तिघं वळून बघू लागले. "वरीस व्हत आलं. एक शबूद न्हाई. कसं सांगायचं मानसानं?"

"व्हय. न्हाई बोललो. मला राग व्हता." अब्बा शांतपणे म्हणाले. "तुला कसला राग व्हता?"

अजहर आठवू लागला. राग कुठं होता? कधीच नव्हता. इतके गुरुवार ते आले, निखाऱ्यांनी हात भाजत उभे राहिले, आणि तो रुमाल बांधून कोपऱ्यात. या म्हणाला नाही, बसा म्हणाला नाही, चहाचं विचारलं नाही. ते बोलत नाहीत, ते बोलत नाहीत, असं तो जगाला सांगत राहिला, आणि बोलायला आपल्यालाही तोंड आहे हे त्याला एकदाही सुचलं नाही. डोळ्यांत पाणी आलं ते त्यानं लपवलं नाही.

स्वारगेटची गाडी सुटली. फलाट मोकळा झाला.

"दुकानात चला, अब्बा," तो म्हणाला.

"निखारं न्हाईत आज. हात मोकळंच हायती."

"आसूं द्या. नुसतं या. बसा थोडं. च्या सांगतो, आन् तीन नंबरवर शर्यत कशी चालती ती दावतो."

एहसानभाईंनी थोडा विचार केला, गुडघ्यावर हात टेकून उठले आणि त्याच्या पायांकडं बघून म्हणाले, "आदी चपला तरी घालायच्या व्हत्यास. रस्ता अजून तापलेला हाय."